मांजरपाटावरची फिल्म आणि दोन प्रमाणपत्रं

नोव्हेंबर २०२५ मध्ये पुण्यातल्या एका छोट्या रंगमंचावर आमचा प्रयोग तिकीट लावून झाला. जूनपासून त्याच्या कागदपत्रांमागे होते. त्या काळात मला सगळ्यात जास्त गरज होती ती आधी या वाटेने गेलेल्या कुणाच्या तरी हकिगतीची, आणि ती कुठे सापडली नाही. म्हणून हे तपशिलात लिहून ठेवते आहे. चित्र, प्रयोग आणि फिल्म एकत्र करणाऱ्या कुणाला तरी उपयोग होईल.

आधी काम काय आहे ते सांगते, कारण सगळे प्रश्न त्यातूनच आले. रंगमंचावर आडवं मांजरपाट ताणलेलं असतं. मी त्यावर कोळशाने काढत जाते. साधारण मध्यावर त्याच कापडावर, अर्धवट चित्रावर, चौदा मिनिटांची फिल्म पडते. ती इचलकरंजीच्या यंत्रमाग कारखान्यांत चित्रित केलेली आहे. फिल्म चालू असतानाही माझं काढणं थांबत नाही. शेवटी चित्रासकट कापड फाडलं जातं. एकूण वेळ पन्नास मिनिटं. बोलणं थोडं आहे, तेही बहुतेक ओव्या आणि मागावरच्या कामाची नावं: धोटा, कांडी, बीम, वहीफणी, सायझिंग.

हेच काम वर्षाच्या सुरुवातीला एका चित्रदालनात निमंत्रितांसमोर केलं होतं. तेव्हा कुणी काही विचारलं नाही. नंतर लोकांनी पुन्हा करा म्हणून आग्रह धरला आणि आम्ही तिकीट लावून करायचं ठरवलं. जागा बघायला गेलो तेव्हा तिथल्या व्यवस्थापकांनी पहिल्याच भेटीत दोन गोष्टी मागितल्या. संहितेचं प्रमाणपत्र आणि फिल्मचं प्रमाणपत्र. "मॅडम, दोन्ही हातात आल्याशिवाय मी तारीख पक्की करत नाही," असं त्यांनी स्वच्छ सांगितलं. त्या वेळी जड वाटलं, पण आज मी त्यांची आभारी आहे. प्रयोगाच्या आठवड्यात हा विषय निघाला असता तर सगळंच कोसळलं असतं.

संहितेच्या प्रमाणपत्राबद्दल आमच्यातच गैरसमज फार. एका मित्राने ठामपणे सांगितलं की ब्रिटिशांचा १८७६ चा नाट्यप्रयोग कायदा रद्द झाला, आता काही लागत नाही. तो कायदा संसदेने रद्द केला हे खरं. पण महाराष्ट्रात सार्वजनिक प्रयोगाआधी संहिता तपासून घ्यायची ती राज्याच्या १९५१ च्या पोलीस कायद्याखाली केलेल्या नियमांमुळे, आणि ते काम करतं रंगभूमी प्रयोग परिनिरीक्षण मंडळ. नाटकवाल्यांच्या बोलण्यात त्याला 'सेन्सॉर करून घेणं' म्हणतात. या पूर्वतपासणीला अमोल पालेकर यांनी २०१६ साली मुंबई उच्च न्यायालयात आव्हान दिलं. प्रयोग होण्याआधी तो कुणी वाचून मंजूर करावा, हे मलाही पटत नाही. रंगमंचावर जे घडतं ते कागदावर पूर्ण उतरत नाही, आणि माझ्यासारख्या कामात तर जवळजवळ उतरतच नाही. तरीही मी अर्ज करायचं ठरवलं. इचलकरंजीच्या ज्या माणसांनी विश्वासाने चित्रीकरण करू दिलं, त्यांचं काम कुठल्या तरी तांत्रिक कारणाने आयत्या वेळी अडकावं, हे मला चालणार नव्हतं.

पहिली अडचण अशी की संहिता म्हणून द्यायचं काय? इथे मला मदत झाली ती रंगमंच व्यवस्था सांभाळणाऱ्या एका ज्येष्ठ काकांची. माझ्याकडे दालनासाठी लिहिलेलं टिपण होतं. त्यात श्रम, अदृश्यता, स्मृती असे शब्द होते. काकांनी ते शांतपणे वाचलं आणि म्हणाले, "हे सगळं खरं असेल गं, पण प्रेक्षकाला पहिल्या मिनिटाला दिसतं काय? दुसऱ्याला काय? तेवढंच लिही."

मग मी आठवडाभर बसून मिनिटवार नोंद केली. चार रकाने: वेळ, काय दिसतं, काय ऐकू येतं, कोण काय बोलतं. एक तुकडा नमुना म्हणून देते. "मिनिट १९. कापडाची डावी कड कलाकार डाव्या हातात धरते. उजव्या हातातल्या कोळशाने उजवीकडून डावीकडे एक रेघ, परत डावीकडून उजवीकडे एक रेघ. वेग मागाच्या आवाजाबरोबर. आवाज ध्वनिमुद्रित, चार मागांचा. बोलणं नाही." अशी सतरा पानं झाली. ही नोंद पुढे प्रत्येक ठिकाणी कामाला आली: मंडळाला संहिता म्हणून, फिल्मच्या अर्जात सारांश लिहायला, जागेच्या व्यवस्थापकांना, प्रकाशयोजनाकाराला, अगदी प्रोजेक्टर भाड्याने देणाऱ्यालाही. तुम्ही असं मिश्र काम करत असाल तर कुठलाही अर्ज उघडण्याआधी ही नोंद तयार करा. त्यात कामाचा अर्थ लिहू नका, फक्त घडतं काय ते लिहा. अर्थाबद्दल चार माणसांची चार मतं होतात आणि प्रत्येक मत एक नवा प्रश्न घेऊन येतं.

उत्स्फूर्त भागाचं काय करायचं, हा खरा अवघड प्रश्न होता. आठ मिनिटांच्या एका भागात मी त्या दिवशी जे सुचेल ते बोलते. मंजूर संहितेबाहेरचं बोलायचं नाही, हा नियम. मी त्या भागात येऊ शकतील अशी सगळी वाक्यं, ओव्या, कामाची नावं ओळीने लिहून काढली आणि वर टीप दिली: यांपैकी काही, कोणत्याही क्रमाने. त्यामुळे शब्द ठरलेले राहिले आणि क्रम माझ्या हातात राहिला. हे लिहिताना वाईट वाटलं, ते लपवत नाही. पण त्या यादीमुळेच मला कळलं की माझ्या उत्स्फूर्त बोलण्यात एरवी तेच तेच परत येत होतं, आणि त्यातलं बरंच मी गाळलं.

जुलैच्या सुरुवातीला अर्ज गेला. काही दिवसांनी फोन आला. पलीकडचे गृहस्थ नम्रपणे म्हणाले, "मॅडम, यात संवाद फार कमी आहेत. हे नाटक आहे की चित्रकलेचं प्रात्यक्षिक?" मी म्हटलं, "सर, प्रेक्षक तिकीट काढून खुर्चीत बसून बघणार आहेत आणि ठरलेल्या वेळात सुरू होऊन संपणार आहे, म्हणून प्रयोग म्हणून अर्ज केला." त्यांनी एक खुलासा लेखी मागितला. तो एका पानात दिला. त्यात या प्रकाराला मुंबईत मोठी परंपरा आहे हे लिहिलं. चित्रकार अकबर पदमसी यांनी १९६९ मध्ये नेहरू फेलोशिपच्या पैशातून चित्रकार आणि चित्रपटवाल्यांना एकत्र आणणारी कार्यशाळा चालवली. दृश्यकलाकार रुमाना हुसेन यांनी १९९५ मध्ये एनसीपीए या कलाकेंद्राच्या आवारात स्वतःच्या शरीरासह प्रयोग केला. नलिनी मलानी चित्र, नाटक आणि चलत्चित्र यांच्यात अनेक दशकं काम करत आल्या आहेत. वाचणाऱ्याला आधार मिळाला की त्याचंही काम सोपं होतं, असा माझा अनुभव. ऑगस्टच्या मध्याला प्रमाणपत्र आलं. एकही काटछाट नव्हती.

आता फिल्म. हा रस्ता वेगळा आणि माझ्यासाठी जास्त अनोळखी होता. १९५२ च्या सिनेमॅटोग्राफ कायद्याप्रमाणे सार्वजनिक प्रदर्शनासाठी केंद्रीय चित्रपट प्रमाणन मंडळाचं प्रमाणपत्र लागतं. चित्रदालनात, महोत्सवात, फिल्म सोसायटीत आपण जे बघतो त्याचे मार्ग वेगळे असतात. तिकीट लावून प्रयोगाचा भाग म्हणून दाखवायची तर व्यवस्थापकांना प्रमाणपत्र हवं होतं आणि मला वाद घालायचा नव्हता.

त्याच सुमारास एका एजंटाने पस्तीस हजारांत 'सगळं करून देतो' म्हणून सांगितलं. तो मार्ग मी घेतला नाही आणि तुम्हीही घेऊ नका. अर्ज ई-सिनेप्रमाण या पोर्टलवर स्वतः भरता येतो. कंपनी लागत नाही, व्यक्ती म्हणूनही भरता येतो. शुल्क फिल्मच्या लांबीवर ठरतं, त्यामुळे लघुपटाला ते झेपतं. ७२ मिनिटांपर्यंतची फिल्म लघुपटात मोडते आणि तिची तपासणी समितीही छोटी असते. खरा वेळ जातो तो कागद गोळा करण्यात.

ते कागद कुठले? छायाचित्रकार, ध्वनिमुद्रक आणि संकलक यांच्याबरोबरचे करार. ते मी आधी तोंडी केले होते, कारण आम्ही सगळे मित्र. आता लेखी केले. लक्षात ठेवा, महाराष्ट्रात ऑक्टोबर २०२४ पासून अशा कराराला १०० ऐवजी ५०० रुपयांचा स्टँप लागतो. तीन करारांचे दीड हजार तिथेच गेले. ज्यांच्या ओव्या फिल्ममध्ये आहेत त्या मावशींची लेखी संमती घ्यायला मी पुन्हा इचलकरंजीला गेले. त्या कांडी भरायच्या कामाला जातात. संमतिपत्र मराठीत, मोठ्या अक्षरात, एका पानाचं केलं आणि त्यांना मोठ्याने वाचून दाखवलं. त्यांनी मध्येच थांबवून विचारलं, "माझं नाव येणार का त्यात?" मी म्हटलं, "तुम्हाला हवं असेल तर येईल." त्या म्हणाल्या, "आईचं टाक. ओव्या तिच्या आहेत." श्रेयनामावलीत आता त्यांच्या आईचं नाव पहिलं येतं. कागदपत्रांच्या निमित्ताने तिथे परत गेले नसते तर हे मला कधीच समजलं नसतं.

मग बिडीचा प्रश्न. एका दृश्यात जॉबर, म्हणजे मागांची देखभाल-दुरुस्ती करणारा, माग थांबवून बिडी पेटवतो. जेमतेम तीन सेकंद. फिल्ममध्ये तंबाखू दिसला की नियमाप्रमाणे सुरुवातीला आणि मध्यावर किमान ३० सेकंदांचा आरोग्यसंदेश, शिवाय दोन्ही वेळा किमान २० सेकंदांचं निवेदन, आणि ते दृश्य चालू असेपर्यंत खाली इशारा दाखवावा लागतो. बेरीज करा, शंभर सेकंद. दोन तासांच्या चित्रपटात ते सामावून जातात. चौदा मिनिटांच्या फिल्ममध्ये, तीही माझ्या कोळशाच्या रेघांवर पडणारी, मध्येच असा संदेश आला असता तर मागाची लय तुटली असती. मी आणि संकलकाने त्या तीन सेकंदांवर दोन रात्री घालवल्या. दृश्य सुंदर होतं. माग थांबल्यावर जी शांतता येते ती त्यातच होती. शेवटी चित्र काढून टाकलं आणि ध्वनी ठेवला. आता तिथे कापड कोरं राहतं, काडी ओढल्याचा आवाज येतो आणि मी काढायची थांबते. तो क्षण प्रयोगात मला सर्वात आवडतो.

प्राण्यांबद्दलही सांगून ठेवते. फिल्ममध्ये बैल, शेळी, कुत्रा काहीही असेल तर भारतीय जीवजंतू कल्याण मंडळाचं ना हरकत पत्र मागितलं जातं. आमच्या एका दृश्यात कारखान्याच्या दारात बसलेलं कुत्रं होतं. दृश्याची गरज नव्हती, म्हणून संकलनातच ते गेलं. तुम्हाला प्राणी हवाच असेल तर हे पत्र आधी मिळवा, नंतर धावपळ फार होते.

ऑगस्टच्या अखेरीला अर्ज पूर्ण झाला. पोर्टलवर अर्ज कुठल्या टप्प्यावर आहे ते दिसत राहतं, त्यामुळे रोज फोन करायची गरज पडत नाही. मी मात्र रोज सकाळी उघडून बघायचे. त्या काळातली अस्वस्थता विचित्र असते. काम संपलेलं असतं आणि तरी ते आपलं नसतं. तालमीत कोळसा हातात घेतला की मन लागायचं नाही. मी त्यावर उपाय म्हणून रोज एकच गोष्ट केली. प्रयोगातला फिल्म सोडून उरलेला भाग पूर्ण वेगात एकदा करायचा, बघायला कुणी असो नसो.

तपासणीनंतर एका कागदासाठी मुंबईला जायचं ठरलं. चित्रपट प्रमाणन मंडळाचं कार्यालय पेडर रोडला फिल्म्स डिव्हिजनच्या, म्हणजे केंद्र सरकारच्या माहितीपट बनवणाऱ्या खात्याच्या, आवारात आहे. तिथे वाट बघताना एक गोष्ट मनात घोळत राहिली. याच फिल्म्स डिव्हिजनने १९६७ मध्ये एम. एफ. हुसेन यांना आणि १९७० मध्ये तय्यब मेहता यांना फिल्म करू दिली होती. हुसेन यांच्या फिल्मला तर बर्लिनमध्ये लघुपटाचं सुवर्ण अस्वल मिळालं. सरकारी खात्याने चित्रकारांच्या हाती कॅमेरा दिल्याचा तो काळ. आता ती संस्था राष्ट्रीय चित्रपट विकास महामंडळात (एनएफडीसी) विलीन झाली आहे. आवारातच भारतीय चित्रपटाचं राष्ट्रीय संग्रहालय आहे. तुम्हाला तिथे जायची वेळ आली तर सोमवार टाळा, संग्रहालय बंद असतं. इतर दिवशी काम लवकर आटोपलं तर दोन तास तिथे जरूर घालवा.

सप्टेंबरच्या शेवटच्या आठवड्यात फिल्मला 'यू' प्रमाणपत्र मिळालं. पूर्वी प्रमाणपत्राची मुदत दहा वर्षं असायची, २०२३ च्या दुरुस्तीनंतर ते कायमस्वरूपी झालं आहे. लहान फिल्म वर्षानुवर्षं हळूहळू फिरवणाऱ्या आपल्यासारख्यांना याचा फार फायदा आहे.

प्रमाणपत्र फिल्मच्या सुरुवातीला दाखवावं लागतं. आमची फिल्म प्रयोगाच्या मध्यावर, अंधारात, काढत असतानाच सुरू होते. तिथे अचानक सरकारी कागद आला तर काय होईल, या विचाराने झोप उडाली होती. तालमीत एकदा तसंच चालवून बघितलं. कोळशाच्या रेघांवर प्रमाणपत्राची छापील अक्षरं पडली आणि प्रकाशयोजनाकार म्हणाला, "ताई, याला हात लावू नकोस." त्या कागदावरचं फिल्मचं नाव, लांबी, माझं नाव हे सगळं मी त्या वेळात कोळशाने गिरवते. आता तो प्रयोगाचा भाग आहे आणि मिनिटवार नोंदीत त्याची वेगळी ओळ आहे.

तारीख पक्की झाली आणि मग उरली ती नेहमीची कामं. दोन्ही प्रमाणपत्रांच्या प्रती जागेच्या व्यवस्थापकांकडे आणि प्रयोगाच्या माहितीचं पत्र स्थानिक पोलीस ठाण्यात. पोच घ्यायला विसरू नका. तिकीट २५० रुपये ठेवलं. नाट्यप्रयोगाचं तिकीट ५०० रुपयांपर्यंत असेल तर त्यावर जीएसटी लागत नाही, हे सीएंकडून खात्री करून घेतलं. कोळशाचं चित्र टिकवायला फवारा मारतात तो आम्ही वापरला नाही. तो पेट घेऊ शकतो आणि बंदिस्त सभागृहात नकोच.

कापडाबद्दल थोडं जास्त सांगते, कारण हे कुठे वाचायला मिळत नाही. मांजरपाट कोरं, न विरंजलेलं असतं. ते पिवळसर असतं आणि प्रकाश पितं. चित्रदालनात ३००० ल्युमेन्सचा (हे प्रकाशाच्या जोराचं माप) प्रोजेक्टर जवळून चालला होता. रंगमंचावर अंतर वाढलं तेव्हा ५००० चा भाड्याने आणावा लागला, तोही तालमीसाठी एक दिवस जास्त. कापडाचा पन्हा पुरत नव्हता म्हणून दोन पट्टे जोडले. शिवण आडवी आली तर फिल्मवर रेघ दिसते, उभी आली तर काढताना कोळसा अडकतो. आम्ही आडवी घेतली आणि ती कमरेच्या उंचीवर ठेवली, जिथे फिल्ममध्ये मागाची चौकट येते. कापड आधी धुऊ नका. खळ निघाली की ते ढिलं पडतं आणि शेवटी फाडताना आवाज येत नाही. प्रत्येक प्रयोगाला नवं कापड लागतं, ते खर्चात धरा.

खर्चाचा अंदाज हवा असेल तर: जागेचं भाडं, प्रोजेक्टर आणि ध्वनी मिळून साधारण अठ्ठावीस हजार. फिल्मची डीसीपी, म्हणजे चित्रपटगृहात चालणारी डिजिटल प्रत करायला आठ हजार, पण स्टुडिओप्रमाणे यात बराच फरक पडतो, तीन ठिकाणी विचारा. करार, स्टँप, झेरॉक्स, शासकीय शुल्क आणि प्रवास मिळून बारा हजारांच्या आसपास. सहकाऱ्यांचं मानधन वेगळं, आणि ते आधी बाजूला काढून ठेवलं होतं. तिकिटातून निम्म्याहून थोडं अधिक परत आलं.

प्रयोगाला इचलकरंजीहून मावशी आणि त्यांचा मुलगा आले होते. संपल्यावर मुलगा जवळ आला आणि म्हणाला, "ताई, चार मागांचा आवाज घेतलाय तुम्ही, पण त्यातला एक माग बिघडलेला आहे." मी विचारलं, बदलू का? त्याने मान हलवली. "नको. आमच्याकडे एक बिघडलेला असतोच."

संहितेचं प्रमाणपत्र पुढच्या प्रयोगांनाही चालतं, त्यामुळे आता गावागावाला फक्त जागा, पोलिसांचं पत्र आणि कापड बघायचं आहे. पुढचा प्रयोग इचलकरंजीत करायचा विचार आहे. घोरपडे नाट्यगृहाची चौकशी चालू आहे. तिथला रंगमंच मोठा, म्हणजे कापडाला तिसरा पट्टा लागेल आणि प्रोजेक्टर आणखी जोरकस. मिनिटवार नोंदीचा कोरा नमुना ज्यांना हवा असेल त्यांनी जरूर मागावा. रकाने तेच ठेवा, फक्त पहिल्या पानावर कापडाचं माप लिहायला जागा सोडा.